तक्त्यावरचा चौथा हात

हातात एक अंडं धरा. खरं नसेल तर नुसतं समजा. दोन्ही तळव्यांच्या मध्ये, फार घट्ट नाही, फार सैल नाही. ताप नसताना तुमचं अंग जेवढं कोमट असतं, साधारण तेवढंच ते एकवीस दिवस कोमट राहिलं, तर आतून चोच वाजते. पण नुसती ऊब पुरत नाही. बसलेली कोंबडी नीट बघितलीत तर दिसेल, ती चोचीने अंडी सारखी उलटत असते. अंडं एकाच कुशीवर राहिलं तर पिल्लू आतून कवचाला चिकटतं आणि तिथेच संपतं. हे कोंबडीला कुणी शिकवलेलं नसतं. माणसाला मात्र शिकावं लागतं.

आता समजा, कोंबडी नाही. तिच्या जागी तीन जुने, बंद पडलेले फ्रीज आहेत. आत गारव्याच्या ऐवजी दिवे लावलेत, पाण्याचं ताट ठेवलंय, दाराला भोक पाडून त्यातून उष्णतामापक आत सोडलाय. ही झाली उबवणीची पेटी. एका पेटीत साठ अंडी. प्रत्येक अंड्यावर पेन्सिलीने एका बाजूला फुली, दुसऱ्या बाजूला गोळा. फुली वर असेल तर चार तासांनी गोळा वर करायचा, पुन्हा चार तासांनी फुली. आठवडाभर नव्हे, पहिले अठरा दिवस, रात्रीसुद्धा.

हे सगळं एका घराच्या पुढच्या खोलीत चालायचं. घरात आई, बाबा आणि दहा वर्षांची मुलगी. बाबा पूर्वी फ्रीज दुरुस्त करायचे. पेट्या त्यांनीच बनवल्या. अंडी लोकांची. आसपासच्या वाड्यांवरून बायका टोपलीत भुसा घालून अंडी आणत आणि पिल्लं घेऊन जात. जेवढी जिवंत तेवढ्यांचेच पैसे.

मुलीला सगळे टाचणी म्हणत. लहान, बारीक, आणि जिथे टोचायची तिथे नेमकी टोचायची. तिला लिहून ठेवायची खोड होती. पेटीच्या दारावर तिने रेघा मारून तक्ता चिकटवला होता. तारीख, वेळ, उष्णता, मीटरवरचा आकडा आणि शेवटच्या रकान्यात अंडी कुणी फिरवली ते. आई म्हणजे आ, बाबा म्हणजे बा, स्वतःसाठी ट.

"मीटरचा आकडा कशाला गं?" आईने एकदा विचारलं होतं.

"मधे वीज गेली तर आकडा कमी पुढे जातो. मग कळतं अंडी किती वेळ गार होती."

"आणि कळून काय करणार?"

"एक दिवस जास्त वाट बघायची," टाचणी म्हणाली. त्या वेळी तिने खरंच एक दिवस जास्त थांबायला लावलं होतं आणि शेजारच्या आजींची नऊ पिल्लं त्या जास्तीच्या दिवशी बाहेर आली होती. तेव्हापासून तक्त्याची कुणी चेष्टा केली नाही.

*

थंडी सुरू होता होता वीज कंपनीने घराचं मीटर बदललं. दोन माणसं आली, जुनं काढलं, नवं बसवलं आणि गेली. नवं म्हणजे नवं नव्हतं. दुसऱ्या कुणाकडून काढून आणलेलं असावं, कारण त्यावर आधीच आकडा होता. टाचणीने तो तक्त्यावर लिहिला. चार हजार एकशे ऐंशी.

महिन्याने मीटर वाचायला काका आले. उंच, वाकून चालणारे, खांद्याला पिशवी. कुत्री त्यांच्यावर भुंकायचीही थांबली होती, इतकी वर्षं ते या रस्त्याला यायचे. त्यांनी आकडा घेतला. चार हजार तीनशे ब्याण्णव. त्यानंतर बिल आलं, तेही चार हजार तीनशे ब्याण्णव युनिटचं.

बाबांनी बिल उलटं करून पाहिलं, मागे काही समजावलं असेल म्हणून. काही नव्हतं.

"यांनी शून्यापासून धरलंय," टाचणी म्हणाली. "आपण दोनशे बाराच जाळलेत."

"एवढंच ना," बाबा म्हणाले. "जाऊन सांगतो. पाच मिनिटांचं काम आहे."

पाच मिनिटांच्या कामाला त्यांनी कपडे बदलले, सायकल पुसली. संध्याकाळी परतले तेव्हा त्यांचं तोंड बघून आईने आधी पाणी दिलं आणि मग विचारलं.

"बिलाच्या टेबलावरच्या बाईंना लगेच कळलं," बाबा म्हणाले. "म्हणाल्या, अहो हे तर उघड चुकलंय. मग दुरुस्त करा म्हटलं. तर म्हणाल्या, आकडा बदलायचा अधिकार मला नाही, तो मीटरवाल्या खात्याचा."

"मग त्या खात्यात जायचं."

"गेलो की. त्या साहेबांनीही मान डोलावली. चूक आहे म्हणाले. पण मीटरचं काम आमचं, बिलाचं नाही. तक्रार खिडकीवर जा. तक्रार खिडकी मंगळवारी."

मंगळवारी खिडकीतल्या माणसाने अर्ज घेतला, त्यावर शिक्का मारला आणि अर्ज बिलाच्या टेबलावरच्या बाईंकडे पाठवला.

असे सात आठवडे गेले. या सात आठवड्यांत बाबांना कुणीही एकदासुद्धा खोटं ठरवलं नाही, हे लक्षात ठेवा. प्रत्येकाला चूक दिसत होती. ती सुधारायचा अधिकार मात्र शेजारच्या टेबलाला होता. बाबांना आधी राग यायचा, नंतर हसू यायला लागलं, आणि शेवटी ते दोन्ही थांबून नुसती मान दुखायला लागली. आई रात्री तेल चोळायची आणि म्हणायची, "भांडला असतात तर बरं झालं असतं."

"कुणाशी भांडू? सगळे माझ्याच बाजूने बोलतात."

*

शेवटी तक्रार खिडकीतल्याच माणसाने कंटाळून सांगितलं, ग्राहक मंचात जा. तालुक्याच्या ठिकाणी असतो. तिथे साधं गिऱ्हाईकही कंपनीविरुद्ध दाद मागू शकतं.

अर्ज लिहायला मामाला बोलावलं. मामा म्हणजे आईचा धाकटा भाऊ, पाट्या रंगवणारा. अक्षर मोत्यासारखं. घराच्या दारावरची पाटीही त्यानेच रंगवली होती. आईने सांगितलं होतं, 'येथे अंडी उबवून मिळतील' एवढंच लिही. मामाला ते फिकं वाटलं. त्याने निळ्या पाटीवर सोनेरी अक्षरांत लिहिलं, 'भव्य अंडी उबवणी उद्योग समूह', आणि कोपऱ्यात सूर्य काढला.

"समूह कुठाय रे?" आईने तेव्हा विचारलं होतं.

"तीन फ्रीज आहेत की."

अर्जावरही मामाने वर मोठ्या अक्षरांत तेच नाव घातलं. आई आणि टाचणी अर्ज घेऊन मंचाच्या कचेरीत गेल्या. बाबांनी सांगून टाकलं होतं की आणखी एक खिडकी पाहिली तर ते तिच्यातून उडी मारतील.

लांब बोळ, भिंतीला टेकलेली बाकं, बाकांवर लोक आणि त्यांच्या मांडीवर पिशव्या. खिडकीतल्या कारकुनांनी अर्जाची पहिली ओळ वाचली आणि चष्मा वर केला.

"उद्योग समूह? बाई, हे साध्या गिऱ्हाइकांसाठी आहे. उद्योगांचं इथे ऐकत नाहीत."

"उद्योग नाही हो. मी आणि माझा नवरा."

"मग हे काय लिहिलंय? भव्य."

आईने डोळे मिटले. "माझ्या भावाने लिहिलंय."

"भाऊ भागीदार आहे का?"

"नाही. त्याला हौस आहे."

कारकुनांनी अर्ज परत ढकलला नाही, हे त्यांचं मोठेपण. ते हळू आवाजात म्हणाले, "धंदा पोटापुरता असेल, आणि स्वतःच्या हाताने करत असाल, तर तुम्ही गिऱ्हाईकच. तसं एक वाक्य खाली लिहा. पण कंपनीचा वकील हीच पाटी धरून बसणार. मंचाला तुमचं ऐकायचा अधिकार आहे का नाही, आधी तेच ठरेल. बिलाचं नंतर."

"बिलात चूक आहे, ते तुम्हाला दिसतंय का?" आईने विचारलं.

"मला दिसून काय उपयोग," कारकून म्हणाले.

आईने टाचणीकडे पाहिलं आणि दोघी एकाच वेळी हसल्या. ते हसणं बरं नव्हतं. मग आईने खाली वाक्य लिहिलं.

*

चार दिवसांनी कंपनीची नोटीस आली. पंधरा दिवसांत बिल भरा, नाहीतर वीज तोडू. टाचणीने नोटिशीवरची तारीख तक्त्यावर शोधली. पेट्या त्याच आठवड्यात भरल्या होत्या, तिन्ही काठोकाठ, एकशे ऐंशी अंडी. त्यातली बारा शेजारच्या आजींची होती. आजींची कोंबडी कोल्ह्याने नेली होती आणि तिची ही शेवटची अंडी.

"विसावा दिवस येतो," टाचणी म्हणाली.

आईने पोळपाटावरचा हात थांबवला. विसाव्या दिवशी पिल्लू कवचाला आतून पहिली टोच मारतं. त्या दिवशी ऊब गेली तर ते टोच मारलेल्या भोकातच दमून मरतं.

नोटीस जोडली म्हणून मंचाने जवळची तारीख दिली. अंड्यांचा सतरावा दिवस. त्या दिवशी तिघंही निघाले. सकाळी दहाची आणि दुपारी दोनची फिरवणी मामाकडे दिली. टाचणीने त्याला चारदा सांगितलं की हात साबणाने धुवायचे, रंगाचा वास अंड्यांना लागता कामा नये. निघताना तिने जुन्या सगळ्या तक्त्यांची गुंडाळी करून दोऱ्याने बांधली.

"ते कशाला?" बाबा म्हणाले.

"चार हजार एकशे ऐंशी त्यात लिहिलंय."

मंचाची खोली शाळेच्या वर्गाएवढी होती. पुढे उंच टेबलामागे अध्यक्षबाई, त्यांच्या बाजूला आणखी एक सदस्य. बाईंना सर्दी झाली होती. त्या सारख्या रुमाल शोधत होत्या. कंपनीचे वकील उभे राहिले. त्यांनी पाटीचा मोठा फोटो दाखवला, सूर्यासकट.

"उद्योग समूह. तोही भव्य. यांनीच लिहिलंय, मी नाही. नफ्यासाठी चालवलेला कारखाना हा ग्राहक नसतो. मंचाला हा अर्ज ऐकण्याचा अधिकारच नाही. पाटी खरी असल्याचं सांगायला कंपनीचा माणूस हजर आहे."

मागच्या बाकावर, भिंतीशी उभ्या असलेल्या आपल्या साहेबांच्या पुढे, मीटरवाले काका बसले होते, पिशवी पोटाशी धरून. टाचणीने त्यांच्याकडे पाहिलं तसे ते छताकडे बघायला लागले.

"किती लोक कामाला आहेत तुमच्याकडे?" अध्यक्षबाईंनी आईला विचारलं.

"कुणी नाही. आम्हीच."

"नोकर नाहीत याला पुरावा?" वकील म्हणाले.

आई पुढे झाली. आता तिने पदर खोचला. "नसल्याचा पुरावा कसा आणू, साहेब? नसलेला माणूस कुठून पकडून आणायचा? आणि आणला तर तुम्ही म्हणाल, हा बघा नोकर."

सदस्य हसले. वकील हसले नाहीत. टाचणी उठली आणि गुंडाळी टेबलावर ठेवली. दोरा सोडताच तक्ते आपोआप पसरले. बाईंनी एकेक उलटायला सुरुवात केली. चार महिन्यांचे तक्ते. रोज सहा वेळा, आ, बा, ट. पहाटे दोनच्या पुढे बहुतेक ठिकाणी बा. आजारपणात वाकडं झालेलं आ. एका ठिकाणी पेन्सिल ओली होऊन पसरलेली.

"हे पहाटेचं रोज?" बाईंनी बाबांना विचारलं.

"हो. झोप नंतर घेतो, दुपारी."

वकील वाकून बघत होते. एका तक्त्यावर त्यांनी बोट ठेवलं. "आणि हे काय? मी. का. इथे आ नाही, बा नाही. हा चौथा हात. नोकर मिळाला."

बाबांनी कपाळाला हात लावला, कारण त्यांनाही आठवेना.

"ते मीटरवाले काका," टाचणी म्हणाली.

"कुठले मीटरवाले?"

"तुमचेच. ते मागे बसलेत."

सगळे मागे वळले. टाचणी सांगत गेली, जसं वर्गात सांगतात तसं, हात मागे बांधून. त्या दिवशी आईला ताप होता, म्हणून ती स्वतः शाळेत गेली नव्हती. बाबा बिलासाठी कंपनीच्या कचेरीत होते. दुपारी दोनची वेळ झाली आणि स्टुलावर चढूनही तिसऱ्या पेटीच्या वरच्या फळीला तिचा हात नीट पुरेना. तेवढ्यात काका आकडा घ्यायला आले. "मी म्हटलं, वीस अंडी फिरवून द्या. त्यांनी दिली. म्हणून लिहिलं. जो फिरवेल त्याचं लिहायचं असतं."

"खरं आहे का हे?" अध्यक्षबाईंनी विचारलं.

काका उभे राहिले. त्यांच्या साहेबांचे डोळे त्यांच्या पाठीवर होते, तरी ते म्हणाले, "हो बाई. फुली खाली, गोळा वर. तीनदा हात धुवायला लावले या मुलीने मला. पहिल्यांदा नखं दाखवली तर नापास केलं."

मग मात्र कुणाला हसू आवरलं नाही. बाईंनीही रुमाल तोंडाशी धरला आणि तो सर्दीसाठी नव्हता.

"वकीलसाहेब, यांच्याकडे चार महिन्यांत बाहेरचा एकच माणूस राबला आणि त्याचा पगार तुमची कंपनी देते," त्या म्हणाल्या. "हे ग्राहक आहेत. मंचाला ऐकायचा अधिकार आहे. पुढच्या तारखेपर्यंत वीज तोडायची नाही."

"आणि बिल?" आईने विचारलं.

"ते पुढच्या तारखेला ऐकू. दोन महिन्यांनी."

आई बघत राहिली. "म्हणजे आज फक्त एवढं ठरलं, की तुम्ही आमचं ऐकू शकता."

"हो."

"ऐकलं नाही अजून."

"नाही अजून," बाई म्हणाल्या, जरा ओशाळून. आकडा त्यांच्याच हाताखालच्या तक्त्यावर होता, पण त्यांनी त्यावर बोट ठेवलं नाही.

बाहेर खिडकीत कारकुनांनी सांगितलं, आदेशाची नक्कल तीन दिवसांनी मिळेल. संध्याकाळी. बाबांनी बोटांवर दिवस मोजले आणि भिंतीला टेकून उभे राहिले. तीन दिवसांनी म्हणजे विसावा दिवस.

*

विसाव्या दिवशी सकाळीच आई नकलेसाठी तालुक्याला गेली आणि बाबा कंपनीच्या कचेरीत, निदान संध्याकाळपर्यंत थांबा असं सांगायला. मामा दाराबाहेर पाटीवर पांढरा रंग फासत होता. त्याला कुणी सांगितलं नव्हतं. टाचणी पेटीला कान लावून बसली होती. आतून बारीक टिकटिक येत होती, कुणी नखाने पाटी खरवडावी तशी. दार उघडायचं नव्हतं. उघडलं तर आतला ओलावा जातो आणि पिल्लू कवचात सुकतं.

दहाच्या सुमाराला रस्त्याने शिडी आली. शिडीखाली काका होते.

त्यांनी ती खांबाला लावली आणि पिशवीतून पक्कड काढली. वर चढले मात्र नाहीत.

"साहेबांनी मुद्दाम मलाच पाठवलंय," ते मामाला म्हणाले. "त्या दिवशी फार हसलात ना, म्हणाले."

मामा ब्रश घेऊनच आडवा आला. "तोडायची नाही असं ठरलंय. तुम्ही तिथेच होता."

"होतो ना. या कानांनी ऐकलंय. पण कागद कुठाय? कागद नाही तर थांबायचा मला अधिकार नाही."

मामा चिडून काहीतरी बोलणार होता. टाचणी बाहेर आली. ती रडत नव्हती, पण नाक लाल होतं. तिने काकांचा हात धरला, त्यांना आत नेलं आणि पेटीच्या दाराला त्यांचं डोकं टेकवलं. काका वाकून ऐकत राहिले. बराच वेळ. आत एकजण दमला की दुसरा सुरू होत होता.

"किती आहेत?" त्यांनी विचारलं.

"एकशे ऐंशी होती. दिव्यावर धरून बघितली तेव्हा नऊ वांझ निघाली."

काका सरळ झाले. त्यांच्या खिशात वीज तोडण्याचा कागद होता. खाली एक ओळ रिकामी होती. काम झालं नाही तर त्याचं कारण. एवढ्या वर्षांत त्या ओळीवर त्यांनी 'दार बंद' आणि 'कुत्रं' याशिवाय काही लिहिलं नव्हतं.

"कारण काय लिहू?" ते स्वतःशीच म्हणाले.

"जे झालं ते," टाचणी म्हणाली आणि दाराला बांधलेली पेन्सिल सोडून त्यांच्या हातात दिली.

काकांनी कागद पेटीच्या दारावर ठेवला आणि सावकाश लिहिलं. 'तोडू नये असे मंचात मी समक्ष ऐकले. म्हणून तोडली नाही.' खाली सही केली. पणाला नोकरी त्यांची होती, तरी नाव पूर्ण लिहिलं.

टाचणीने कागद वाचला. "वेळ राहिली," ती म्हणाली. त्यांनी वेळ घातली. मग ती स्टुलावर चढली, मीटरचा आकडा बघितला, तक्त्यावर लिहिला आणि तोच आकडा काकांना कागदावरही लिहायला लावला.

तेवढ्यात मधल्या पेटीत ठक्क झालं. दारात बसवलेल्या काचेच्या छोट्या चौकटीतून दिसलं. आजींच्या बारापैकी एकाचं टोपण उडालं होतं आणि आतून काहीतरी ओलं, मळकट, मान न पेलणारं बाहेर पडत होतं. मामा रंगाच्या हातांनी धावत आला. काकाही पुढे सरकले, चष्मा काचेला लागेपर्यंत. पिल्लं वाळली की ती उचलून टोपल्यांत ठेवायला आजपासून उद्यापर्यंत खूप हात लागणार होते.

टाचणीने दोघांना मागे केलं, मोरीत गेली आणि साबण आणून काकांच्या पुढे धरला.